गेममधल्या रानाला आवाज कसा मिळतो

सिनेमाला आवाज देणाऱ्याला एक गोष्ट पक्की ठाऊक असते: पडद्यावर कोणत्या क्षणी काय दिसणार आहे. नायक सत्ताविसाव्या मिनिटाला दार उघडतो, म्हणजे कडी त्याच मिनिटाला वाजायची. ओपन-वर्ल्ड व्हिडिओ गेममध्ये ही सोय नाही. तिथे खेळणाऱ्याच्या हाती अख्खा मुलूख सोपवलेला असतो. तो सडकेने जाईल, मधूनच वावरात शिरेल, एखाद्या कडुलिंबाखाली अर्धा तास नुसता उभा राहील. तो भर दुपारी येईल, नाहीतर मध्यरात्री ऐन पावसात. एवढ्या शक्यता आधी ध्वनिमुद्रित करून ठेवणं अशक्यच. म्हणून अशा गेममध्ये सलग असं काही साठवलेलं नसतं. असतात ते आवाजाचे हजारो छोटे तुकडे, आणि कोणता तुकडा कधी, कुठून, किती मोठ्याने वाजवायचा याचे नियम. तुकडे जमवायला चांगला माईक आणि चिकाटी पुरते. नियम बांधायला मात्र तो मुलूख माहीत असावा लागतो.

गेम बनवणारे हात महाराष्ट्रात आहेत. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सचा ‘राजी: ॲन एन्शंट एपिक’ २०२० मध्ये आला, पुण्याच्याच सुपरगेमिंगचा ‘इंडस’ २०२४ मध्ये. परदेशी ‘अनचार्टेड: द लॉस्ट लेगसी’मध्ये (२०१७) पश्चिम घाटाचा एक मोठा टापू मोकळेपणी फिरायला दिला होता. आपण मात्र इथे नकाशा घेऊ वऱ्हाडचा. अकोल्याच्या सपाट काळ्या रानातून निघायचं, मूर्तिजापूर, अमरावती करत चिखलदऱ्याच्या घाटात चढायचं आणि मेळघाटात शिरायचं. ध्वनिरचनेच्या दृष्टीने हा नकाशा फार श्रीमंत आहे, कारण एवढ्या वाटेत जमीन, झाडी आणि उंची तिन्ही बदलतात.

सुरुवात पायांपासून करू. गेममध्ये सर्वांत जास्त वेळा वाजणारा आवाज पावलांचा असतो. तासभर खेळलं तरी काही हजार पावलं पडतात. एकच ‘टप’ दर वेळी वाजला तर पाच मिनिटांत कान विटतात. म्हणून एकेका पृष्ठभागासाठी आठ-दहा वेगवेगळी पावलं मुद्रित करतात. त्यातलं कोणतं वाजवायचं ते यंत्र दर वेळी चिठ्ठी टाकून ठरवतं, पण नुकतंच वाजलेलं पुन्हा उचलायचं नाही अशी अट असते. शिवाय दर वेळी पट्टी आणि मोठेपणा किंचित वरखाली केला जातो. चालणं, पळणं, दबकत जाणं, उडी मारून उतरणं, यांचे संच वेगळे. दहा पृष्ठभाग, चार चाली आणि आठ पर्याय धरले तर तीनशे वीस फायली नुसत्या पायांच्या झाल्या. कपड्यांची सळसळ आणि खांद्यावरच्या पिशवीची खुळखुळ त्यावर वेगळ्या थरात चढते.

पाय कशावर पडला हे गेमला कसं कळतं? चालण्याच्या ॲनिमेशनमध्ये ज्या चौकटीत टाच जमिनीला टेकते तिथे एक खूण ठोकलेली असते. ती खूण आली की पात्राच्या पायातून खाली एक अदृश्य रेघ सोडली जाते. रेघ ज्याला लागेल त्या पृष्ठभागावर आधीच नाव लिहून ठेवलेलं असतं: डांबर, फरशी, गवत, पाणी. त्या नावाच्या संचातून आवाज उचलला जातो. एवढं सगळं सेकंदाच्या अगदी लहान भागात उरकतं.

आता वऱ्हाड समोर आणा. इथली जमीन ‘माती’ या एका नावात मावत नाही. काळी माती वैशाखात भेगाळते. वरचा पापुद्रा कडक होतो आणि पाय पडला की कडेचा तुकडा करकन मोडून भेगेत पडतो. नांगरटीनंतर ढेकळं असतात. ती पायाखाली आधी टणक लागतात, मग भुगा होऊन बसतात, म्हणजे एका पावलात दोन आवाज. मृगाचा पाऊस पडला की तीच माती पायाला चिकटते. तेव्हा पाय पडल्याचा आवाज थोडा आणि पाय उपसल्याचा ‘पच्च’ आवाज जास्त. शिवाय दर पावलाला चिखलाचा थर वाढून पाय जड होतो. म्हणजे ध्वनिरचनाकाराला इथे एक जादा नियम लिहावा लागेल: ओल्या काळ्या रानात सलग वीस पावलं झाली की चिखलाने भरलेल्या पायांचा जड संच लावा, आणि खेळणारा डांबरी सडकेवर किंवा खडकावर गेला की चार-सहा पावलांत तो हळूहळू काढून घ्या. पांदणीतला फुफाटा, धुऱ्यावरचं वाळलं गवत, पऱ्हाटीच्या ओळींत शिरल्यावर मांड्यांना घासणाऱ्या फांद्या, हे आणखी वेगळे.

घाट चढून मेळघाटात शिरलं की सगळंच बदलतं. हे सागाचं पानगळीचं रान. फाल्गुन-चैत्रात खाली सागाच्या ताटाएवढ्या वाळल्या पानांचा थर असतो आणि त्यावरून आवाज न करता चालणं जवळजवळ अशक्य असतं. गेममध्ये लपतछपत जाण्याचा भाग असेल तर ही मोठीच देणगी आहे. उन्हाळ्यात इथे लपणं अवघड आणि पावसाळ्यात, पानं कुजून मऊ झाल्यावर, सोपं. ऋतू बदलला की आवाज बदलतो आणि आवाज बदलला की खेळाची कठीणता बदलते. यासाठी वेगळी युक्ती रचावी लागत नाही, ती रानातच आहे.

या पावलांतली बरीचशी प्रत्यक्ष जागी मुद्रित होत नाहीत. स्टुडिओत मातीचे, खडीचे, पानांचे वाफे करून त्यांवर माणूस चालतो. या कलेला फोली म्हणतात. हॉलिवूडच्या युनिव्हर्सल स्टुडिओतल्या जॅक फोली यांनी १९२९ च्या सुमारास, बोलपट नुकता आला तेव्हा, ती रुजवली. फोलीत वस्तू खरी असण्यापेक्षा आवाज खरा वाटणं महत्त्वाचं. हाड मोडल्याचा आवाज सेलरीची दांडी मोडून काढतात, घोड्याच्या टापा नारळाच्या करवंट्यांवर. वऱ्हाडात सेलरी शोधायची गरज नाही. वाळली तुराटी बारीक कडकडते, पऱ्हाटीचं खोड जाड आणि ओबडधोबड मोडतं. फांदी तुटण्यापासून गाडीचा साटा मोडण्यापर्यंत सगळं त्या दोहोंतून निघेल.

पावलांनंतर भोवतालचा आवाज. तो दोन थरांत बांधतात. खालचा थर म्हणजे दोन-चार मिनिटांचं सलग मुद्रण, जे टोकाला टोक जोडून फिरत राहतं: वाऱ्याची घरघर, दूरची कुजबुज. या थरात ओळखू येईल असं काहीही असता कामा नये. त्यात एखादा कावळा ठळक ओरडला असेल तर खेळणाऱ्याला दर तीन मिनिटांनी तोच कावळा ऐकू येईल आणि सगळं सोंग उघडं पडेल. ओळखीचे आवाज वरच्या थरात सुटे ठेवतात. टिटवी, मोर, पंपाचं डिझेल इंजिन, लांबून मारलेली हाक. खेळणाऱ्याच्या भोवती ठरावीक अंतरावर, शक्यतो जिथे झाड आहे तिथे, हे सुटे आवाज यंत्र आपसूक पेरत जातं. बहुतेक वेळा तिथे पक्षी काढलेलाही नसतो, फक्त त्याचा आवाज असतो.

कोणता आवाज कधी पेरायचा, इथेच मुलखाची ओळख लागते. गेममध्ये घड्याळ असतं, ऋतू असतो, जमिनीच्या ओलाव्याचा एक आकडा असतो. नियम त्यांवर टांगायचे. पावशा वैशाखाच्या आगेमागे ओरडू लागतो. ‘पेरते व्हा’ म्हणत तो पावसाची वर्दी देतो अशी आपल्याकडची समजूत आहे. त्याला दिवाळीत ओरडू देऊन चालणार नाही. बेडकांना ओलाव्याचा आकडा ठरावीक पातळीवर गेल्याशिवाय तोंड उघडू द्यायचं नाही. टिटवी जमिनीवर अंडी घालते आणि कुणी जवळ आलं की रात्रीही आकांत करते. तिला अंतराचा नियम लावला की खेळणारा अंधारात वावर ओलांडताना पकडला जाऊ शकतो, कारण जागलीवर बसलेला माणूस टिटवीच्या आवाजाने सावध होईल. जागल करणाऱ्या प्रत्येक शेतकऱ्याला हे माहीत आहे. रोह्यांचा कळप वावरात शिरल्याची पहिली खबर पुष्कळदा अशीच मिळते.

मेळघाटात हा प्रकार आणखी नेमका होतो. वाघ दिसण्याआधी ऐकू येतो, तोही दुसऱ्यांच्या तोंडून. वानर झाडावरून खाकरतं, सांबर ‘ढँक’ असा तुटक आवाज देतं, भेकर कुत्र्यासारखं भुंकत राहतं. गेममध्ये वाघाभोवती एक अदृश्य वर्तुळ आखायचं. ते वर्तुळ ज्या प्राण्याला शिवेल त्याने हाक द्यायची आणि आसपासच्या पाखरांनी गप्प व्हायचं. वाघ चालत राहिला की हाकांची माळ रानातून त्याच्याबरोबर सरकत जाईल. पडद्याच्या कोपऱ्यात लाल बाण दाखवून धोका सांगण्यापेक्षा हे कितीतरी सरस आहे, असं माझं स्पष्ट मत आहे. खेळणारा दोन-तीनदा फसेल आणि मग ऐकायला शिकेल.

इथे एक जुनी खोड सांगायला हवी. तयार ध्वनिसंग्रहांतून उचललेले आवाज जगभर कुठेही चिकटवले जातात. ऑस्ट्रेलियातला कूकाबुरा हा पक्षी टारझनच्या सिनेमांपासून आफ्रिकेच्या जंगलात ओरडत आला आहे. अमेरिकी सिनेमात गरुड दिसला की ऐकू येते ती बहुधा लाल शेपटीच्या ससाण्याची किंकाळी असते. मेळघाटात कूकाबुरा ओरडला तर न्यूयॉर्कच्या पोराला काही वाटणार नाही, धारणीच्या पोराला लगेच कळेल. मेळघाटाकडे तर जगात दुर्मीळ असा आवाज आहे: रानपिंगळा. १८८४ नंतर हा पक्षी कुणाला दिसला नव्हता, नामशेष झाला असं धरून चालले होते. १९९७ मध्ये तो आताच्या नंदुरबार जिल्ह्यात शहाद्याजवळ पुन्हा सापडला आणि पुढे मेळघाटातही त्याची चांगली संख्या आढळली. पिंगळा असूनही तो दिवसा वावरतो, दिवसा बोलतो. रात्र झाली की घुबड वाजवायचं, एवढाच नियम ठेवणाऱ्याच्या हातून हा पक्षी निसटेल.

पाऊस हा एक आवाज नाही. आपण ऐकतो ते थेंब ज्यावर पडतात त्याचा आवाज. टिनावर तो ताशासारखा वाजतो, कपाशीच्या पानांवर टपटपतो, मोकळ्या काळ्या रानावर जवळजवळ मुका पडतो. म्हणून खेळणाऱ्याच्या डोक्यावरून वर एक रेघ सोडतात. छप्पर लागलं तर कशाचं आहे ते पाहून त्याचा थर चढवतात. सभोवार काय पेरलं आहे ते पाहून उरलेलं मिश्रण ठरतं. वाऱ्याचंही तसंच. वाळलेली ज्वारी आणि वरुड-मोर्शीकडची संत्र्याची बाग यांतून एकच वारा गेला तरी आवाज दोन.

मग येतं अंतर. मोकळ्या जागेत अंतर दुप्पट झालं की आवाज साधारण सहा डेसिबलने उतरतो. पण नुसतं बटण खाली आणल्याने आवाज लांब गेल्यासारखा वाटत नाही, फक्त बारीक झाल्यासारखा वाटतो. हवा उंच पट्टीचे आवाज आधी खाते, जाड आवाज लांबवर पोचतात. जिनिंगच्या आवारात उभं राहिलं तर रोलरचा खडखडाट, पट्ट्यांची फटफट, सरकी पडण्याची सरसर वेगवेगळी ऐकू येते. एक किलोमीटरवरून फक्त घुमणारी घरघर उरते. त्यामुळे चांगले रचनाकार जवळचं, मधलं आणि लांबचं अशी तीन मुद्रणं करतात आणि खेळणारा सरकेल तसं एकातून दुसऱ्यात नेतात. बंदुकीच्या बाराचं, ट्रॅक्टरचं, भोंग्याचं असंच. आवाज हवेत सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो. तेव्हा तीन किलोमीटरवर वीज चमकली तर गडगडाट नऊ सेकंदांनी आला पाहिजे. ही साधी गोष्ट कित्येक गेममध्ये पाळली जात नाही.

वऱ्हाडात अंतराचा आणखी एक खेळ आहे. हिवाळ्यात रात्री जमीन लवकर गार होते आणि तिच्यालगतची हवा वरच्या हवेपेक्षा थंड राहते. अशा वेळी वर जाणारा आवाज वाकून पुन्हा खाली येतो आणि फार लांबवर ऐकू जातो. मुंबई–हावडा मार्गावरच्या गाड्यांची शिटी दिवसा ज्या खेड्यांत पोचत नाही, तिथे ती पौषातल्या पहाटे स्पष्ट पोचते ती यामुळे. गेममध्ये हे साधायला एक ओळ पुरेशी आहे: हिवाळी रात्री लांबच्या आवाजांची पोच दुप्पट करा. ती ओळ लिहिणाऱ्याने मात्र कधीतरी अशा पहाटे ओट्यावर बसून कान दिलेला असला पाहिजे.

आवाज आणि कान यांच्या मध्ये काही आलं तर? तिथेही रेघच. आवाजाच्या उगमापासून खेळणाऱ्यापर्यंत रेघ ओढायची. भिंत आडवी आली तर उंच पट्ट्या कापायच्या, दार उघडं असेल तर आवाज दारातून वळून आल्यासारखा दाखवायचा. डावीकडचा आवाज डाव्या कानाला सेकंदाच्या हजाराव्या भागाहूनही कमी काळाने आधी पोचतो. हेडफोनमध्ये तेवढा फरक ठेवला की दिशा कळते.

बंद जागेचा घुमारा वेगळा. अकोट तालुक्यातल्या नरनाळा किल्ल्याच्या महाकाली दरवाजात उभं राहून फुगा फोडला, तर त्या दगडी कमानीत आवाज कसा घोळतो आणि कसा विरतो हे सगळं त्या एका मुद्रणात येतं. त्या घुमाऱ्याचा साचा करून गेममधल्या कुठल्याही आवाजाला तो लावता येतो, म्हणजे तलवारीचा खणखणाट महाकाली दरवाजातच झाल्यासारखा वाटेल. चिखलदऱ्याचा पंचबोल पॉइंट याच्या पुढचा. दरीत हाक मारली की समोरच्या कड्यांवरून ती परत परत येते. कडा १७० मीटरवर असेल तर जाऊन येऊन ३४० मीटर, म्हणजे प्रतिध्वनी एका सेकंदाने. दुसरा कडा दुप्पट लांब, तर दोन सेकंदांनी आणि अधिक मंद. गेममध्ये खेळणाऱ्यापासून चहूकडे रेघा सोडून कड्यांची अंतरं मोजायची आणि त्या हिशेबाने हाक परत पाठवायची. खेळणारा दहा पावलं सरकला की प्रतिध्वनीही बदलेल.

एवढे आवाज एकदम वाजू लागले तर यंत्रही दमेल आणि कानही. आठवडी बाजारात दोनशे माणसं असली तरी दोनशे आवाज वाजवत नाहीत. जवळच्या चार-सहा जणांचे सुटे, बाकीच्यांचा एकत्र गलका. प्रत्येक आवाजाला मानाचा क्रमांक दिलेला असतो. जागा भरली की खालच्या क्रमांकाचे आवाज गप्प होतात, पण हिशेबात चालू राहतात आणि खेळणारा जवळ आला की मधूनच ऐकू येतात. मोठा धमाका झाला की बारीक आवाज क्षणभर दाबायचे, ही पद्धत ‘बॅटलफील्ड: बॅड कंपनी’ (२००८) करताना स्वीडनच्या डाइस कंपनीने पद्धतशीर मांडली. असे नियम लिहिण्यासाठी ‘वाइज’ आणि ‘एफमॉड’ ही तयार साधनं आज जगभर वापरतात. आणि हो, बाजाराचा गलका वऱ्हाडीच हवा. त्यातून ‘काऊन’ आणि ‘कुठी चालला’ कानावर पडलं नाही, तर तो बाजार अकोल्याचा नाही.

वाहनांचं काम सर्वांत किचकट, कारण इंजिनाचा आवाज वेगाबरोबर सलग बदलतो. इंजिनाजवळ एक, धुरांड्याजवळ एक असे माईक बांधून कमी फेऱ्यांपासून जास्तीपर्यंत मुद्रण करतात आणि गेममध्ये फेऱ्यांच्या आकड्याप्रमाणे ते उलगडतात. टायरचा थर वेगळा, रस्त्यावर अवलंबून. अमरावती–अकोला महामार्गावर जून २०२२ मध्ये ७५ किलोमीटरचा डांबरी थर १०५ तास ३३ मिनिटांत टाकून विक्रम झाला. तिथे टायर सलग सळसळेल, आणि त्याच रस्त्यावरून खेड्याच्या फाट्याला वळलं की खडखडेल.

पण मूर्तिजापूरला आलो की एक आवाज मिळणार नाही. अचलपूर–मूर्तिजापूर–यवतमाळ मार्गावरची शकुंतला. अडीच फुटी अरुंद रुळांची ही गाडी मँचेस्टरला १९२१ मध्ये बनलेलं वाफेचं इंजिन १९९४ पर्यंत ओढत होतं, मग डिझेल आलं, आणि आता गाडीच बंद आहे. ध्वनिरचनाकार ती कशी उभी करील? दोन सिलिंडरचं वाफेचं इंजिन चाकाच्या एका फेऱ्यात चार फुसकारे टाकतं, तेव्हा वेगावरून फुसकाऱ्यांची लय काढता येते. रूळ समजा अकरा मीटरचा असेल आणि गाडी ताशी २० किलोमीटरने जात असेल, तर सांध्याची खटखट दर दोन सेकंदांनी येईल. लय गणिताने मिळते. शिटीचा सूर, डब्यांची कुरकुर, फलाटावर चढणाऱ्यांची घाई मात्र गणितातून निघत नाही. ती कुणाच्या तरी जुन्या कॅसेटवर असेल तरच आहे.

म्हणून अमरावती, अकोल्यात गेम करू पाहणाऱ्या, किंवा नुसती आवड असणाऱ्या तरुणांना एक विनंती. बंडी, डवरणी, पोळ्याच्या बैलांच्या घुंगरमाळा, जिनिंग, जागलीच्या हाका, हे आवाज आत्ता मुद्रित करा. चांगला फोन आणि माईकवर फरचं वाऱ्याचं टोपरं एवढ्यावर सुरुवात होते. महामार्गापासून दूर, पहाटे चारला जा. सुरुवातीला गाव, तारीख, ऋतू आणि माईक किती अंतरावर आहे ते स्वतःच्या आवाजात बोला, मग दोन मिनिटं अजिबात हलू नका. मेळघाटात वनखात्याच्या परवानगीशिवाय जाऊ नका, आणि पाखरं बोलावीत म्हणून त्यांचे मुद्रित आवाज त्यांनाच ऐकवू नका, विणीच्या काळात त्याने त्यांचं नुकसान होतं. ४८ किलोहर्ट्‌झ, २४ बिटचं स्टिरिओ मुद्रण मिनिटाला साधारण १७ एमबी जागा घेतं. जागा वाचवायला एमपी३ करून मूळ फाइल पुसू नका, कारण पुढे कुणी तो आवाज संथ किंवा खोल करायला घेतला तर त्याला मूळ फाइलच लागेल.